घड्याळ काढा म्हणणारा कॅमेरा

मागे एका ऑगस्टमध्ये, जागतिक छायाचित्रण दिनाच्या निमित्तानं, मराठवाड्यातल्या एका जिल्ह्याच्या गावी फोटो स्पर्धा होती आणि तिचा मी परीक्षक होतो. विषय नेहमीचाच : ‘लोप पावत चाललेली लोकसंस्कृती’. दोनशेच्या वर फोटो आले होते. निम्मेअधिक पोतराज, वासुदेव, आराधी, नंदीवाले आणि सुरकुतलेल्या चेहऱ्याच्या लमाणी आज्यांचे. एका फोटोपाशी मी अडकलो. पोतराज उघडा, अंगाला हळद-कुंकू माखलेलं, कोरडा म्हणजे चाबूक उगारलेला, मागे उतरतं ऊन. फोटोत खोट काढायला जागा नव्हती. पण उगारलेल्या हाताच्या मनगटावर बोटभर रुंदीचा फिकट पट्टा दिसत होता. उन्हात रापलेल्या हातावर घड्याळाखालची कातडी तेवढी उजळ राहते ना, तसा.

म्हणजे घड्याळ होतं. फोटोच्या आधी ते काढायला लावलं होतं.

कार्यक्रम संपल्यावर चहा पिताना मी त्या मुलाला विचारलं. त्यानं काहीच लपवलं नाही. म्हणाला, “सर, घड्याळ घातलेला पोतराज फेक वाटतो.”

हा ‘फेक’ शब्द तेव्हापासून माझ्या डोक्यातून जात नाही. ज्याचं घड्याळ खरं, ज्याचं मनगट खरं, तो माणूस खोटा. आणि घड्याळ काढून घेतलेला खरा. असा हिशेब त्या एकट्या मुलाचा असता तर लेख लिहायची गरज नव्हती. परंपरेचे फोटो काढणाऱ्या, त्यांना बक्षिसं देणाऱ्या आणि ते कॅलेंडरवर छापणाऱ्या आपल्या सगळ्यांचाच तो हिशेब आहे. मीही त्या फोटोला आधीच्या फेरीत चांगले गुण दिले होते, हे इथंच सांगून टाकतो.

माझ्या वडिलांचा, अण्णांचा, गंगाखेडला फोटो स्टुडिओ होता. १९६८ साली त्यांनी तो टाकला आणि २००९ साली शटर कायमचं खाली ओढलं. आत एक लाकडी बाकडं. मागे रंगवलेला पडदा, त्यावर ताजमहाल, आणि ताजमहालाच्या शेजारी का कोण जाणे नारळाची झाडं. कोपऱ्यात आरसा, कंगवा, पावडरचा डबा. खुंटीला काळा कोट. कोट एकाच मापाचा. माणूस बारीक असला की अण्णा पाठीमागून त्याला कपडे वाळत घालायचे चिमटे लावून तो अंगाबरोबर बसवायचे. समोरून साहेब, मागून वाळवण. एकच कोट सगळ्या जातींनी घालायचा यावरून सुरुवातीला कुरबुरी झाल्या. अण्णा म्हणायचे, “घरचा आणा की मग.” घरी कोट कोणाकडेच नव्हता.

आणि टेबलाच्या ड्रॉवरमध्ये एचएमटीचं एक घड्याळ असायचं. बंद. गिऱ्हाईक म्हणालं, “हात मोकळा दिसायलाय हो,” की अण्णा ते काढून द्यायचे. सालगडी, डी.एड.ला लागलेलं पोरगं, लग्नाचं स्थळ आलेला किराणा दुकानातला नोकर, सगळ्यांच्या मनगटावर तेच. काटे पावणेतीनवर अडकलेले. आमच्या तालुक्यात पंचवीसेक वर्षं फोटोतल्या माणसांचे पावणेतीनच वाजत होते.

आता हे दोन फोटो शेजारी शेजारी ठेवून बघा. अण्णांच्या स्टुडिओत ज्याच्याकडे घड्याळ नव्हतं त्याला ते मिळायचं. आजच्या फोटोग्राफरसमोर ज्याच्या हातावर चालू घड्याळ आहे त्याला ते उतरवून ठेवावं लागतं. खोटेपणा दोन्हीकडे आहे. मात्र पहिलं खोटं गिऱ्हाइकानं पदरचे पैसे मोडून मागून घेतलेलं आहे. त्यात त्याला काय व्हायचं होतं ते दिसतं. दुसऱ्या खोट्यात त्यानं कोण राहावं असं दुसऱ्याला वाटतं, तेवढंच दिसतं. म्हणून माझं म्हणणं असं की मराठवाड्यातल्या सामाजिक बदलाचा भरवशाचा दस्तऐवज गुळगुळीत कागदावरच्या ‘लोकसंस्कृती’च्या पुस्तकांत कमी आणि तालुक्याच्या गावातल्या बंद पडलेल्या स्टुडिओंच्या माळ्यावर जास्त आहे. तो आपण भंगारात घालवत आहोत, आणि सरकारी-निमसरकारी पैसा मात्र मनगटावरच्या पट्ट्यांना बक्षिसं देण्यात चालला आहे.

घड्याळ काढायची खोड आपलीच नाही. अमेरिकेत एडवर्ड कर्टिस नावाच्या फोटोग्राफरनं तिथल्या मूळ रहिवाशांच्या जमातींवर वीस खंड काढले, १९०७ ते १९३० या काळात. ही माणसं आता संपणार, तेव्हा संपायच्या आत त्यांना टिपून ठेवू, अशी त्याची भावना. पिगन जमातीच्या दोन पुरुषांचा तंबूतला त्याचा १९१० चा एक फोटो प्रसिद्ध आहे. मूळ निगेटिव्हमध्ये त्या दोघांच्या मध्ये गजराचं घड्याळ ठेवलेलं दिसतं. छापलेल्या फोटोत ते खोडून टाकलेलं आहे. कर्टिसला निगेटिव्हवर हात चालवावा लागला. आता “काका, जरा घड्याळ काढा” म्हटलं की काम भागतं. बाकी ती माणसं संपली नाहीत. त्यांचे नातू-पणतू आज कर्टिसचेच फोटो पुढ्यात घेऊन त्यातलं काय खरं नि काय बनावट हे सांगतात.

आपल्याकडची मुळं आणखी खोल आहेत. १८५७ च्या उठावानंतर, राज्य करायचं तर माणसं ओळखून ठेवली पाहिजेत म्हणून इंग्रजांनी हिंदुस्थानातल्या जाती-जमातींच्या फोटोंचे आठ खंड छापले, १८६८ ते १८७५ दरम्यान. फोटोखाली बहुतेक ठिकाणी माणसाचं नाव नाही. जात, टोळी, स्वभाव एवढंच. अमके कष्टाळू, तमके लबाड. ते खंड छापून होत होते तेवढ्यात, १८७१ साली, गुन्हेगार जमातींचा कायदा आला. तो रद्द व्हायला ३१ ऑगस्ट १९५२ उजाडला. कायदा गेला, पण कॅमेऱ्याची नजर लगेच जात नाही. परभणी-जिंतूर रस्त्यालगत एका पारध्यांच्या पालावर मी काही वर्षांपूर्वी गेलो होतो. बॅगेतून कॅमेरा काढला तशा बाया लेकरं उचलून आत गेल्या. एक म्हातारा पुढे आला आणि फार अदबीनं विचारता झाला, “सायेब, कोनच्या ठान्यातून आलाव?” त्याच्या आयुष्यात फोटो काढणारा माणूस एकाच खात्याचा होता. मी कॅमेरा परत ठेवला. (खरं तर ठेवला नाही, लगेच एक फोटो काढला, रिकाम्या पालाचा. त्याची आजही लाज वाटते.)

आजच्या स्पर्धेतल्या फोटोंखाली काय लिहिलेलं असतं? ‘बंजारा स्त्री’, ‘पोतराज, माळेगाव यात्रा’, ‘आराधीण, तुळजापूर’. जात किंवा सोंग, आणि गाव. नाव नाही. दीडशे वर्षांपूर्वीच्या मथळ्यांतला ‘लबाड’ तेवढा गेला, त्याच्या जागी ‘रंगीबेरंगी’ आलं.

नाव नसल्यानं काय बिघडतं, असं एकानं मला विचारलं. कलेत चेहरा महत्त्वाचा, असं त्याचं म्हणणं. त्याला मी डोरोथिया लँगच्या १९३६ च्या फोटोची गोष्ट सांगितली. अमेरिकेतल्या मंदीच्या काळातली, लेकरं बिलगलेली ती चिंताग्रस्त आई जगभर पोचली. तिचं नाव फ्लोरेन्स ओवेन्स थॉम्प्सन हे जगाला १९७८ साली कळलं. बेचाळीस वर्षं ती ‘स्थलांतरित आई’ होती. ती मूळची चेरोकी वंशाची, म्हणजे तिथल्या मूळ रहिवाशांपैकी, हेही तोवर कोणाला माहीत नव्हतं. त्या फोटोचं तिला काही मिळालं नाही, याचा तिला राग होता. आपल्याकडे तर बेचाळीस वर्षांनीही कोणी शोधत जाणार नाही.

पोतराजाकडे परत येतो, कारण गाठ तिथंच आहे. मरीआईला नवस बोलायचा आणि जन्मलेलं पोर तिला सोडायचं. मग त्या पोरानं केस वाढवायचे, चिंध्यांचं आभरान कमरेला गुंडाळायचं, स्वतःच्या अंगावर कोरडे ओढत दारोदार हिंडायचं. बायको डोक्यावर देवीचा देव्हारा घेऊन मागे. “दार उघड बया, दार उघड” ही आरोळी माझ्या लहानपणी ऐकली की आम्ही पोरं अर्धी भीतीनं, अर्धी हौसेनं बाहेर पळायचो. हे पोर मांगवाड्यातलं नाहीतर महारवाड्यातलं असायचं, देशमुखांच्या वाड्यातलं कधी नसायचं. १९५६ च्या धम्मदीक्षेनंतर हजारो घरांनी मरीआईचे देव्हारे बाहेर काढले. मातंग समाजातल्या कार्यकर्त्यांनीही पोतराजांचे केस कापून त्यांना दुसऱ्या धंद्याला लावण्याचं काम गावोगाव केलं, आजही करतात. ज्यानं केस कापले त्याच्या दृष्टीनं काही लोप पावलं का? त्याची सुटका झाली. मग ‘लोप पावत चाललेली’ म्हणून जो सुस्कारा आपण टाकतो, तो कोणाच्या वतीनं?

केस कापण्याच्या त्या क्षणाचा फोटो मी कुठल्याही स्पर्धेत पाहिलेला नाही. न्हाव्याच्या खुर्चीत बसलेला पोतराज, मांडीवर पडलेल्या जटा, दारात उभं राहून बघणारं त्याचं पोर. याहून मोठा ‘सामाजिक बदल’ एका चौकटीत दुसरा कुठला मावेल? पण त्यात ऊन तिरकं नसतं आणि न्हाव्याच्या दुकानात मागे फेअरनेस क्रीमची जाहिरात असते.

यावर उलट प्रश्न येतो आणि तो रास्त आहे. मग काय, कोणी परंपरेचे फोटो काढूच नयेत? गोंधळ्याचा संबळ, आराध्यांची पदं, लमाणांची तीज, हे असंच विरून जाऊ द्यायचं? तर नाही. फोटो काढावेत, भरपूर काढावेत. पण एकट्या फोटोनं गोंधळ उरत नाही. गोंधळ आख्यानात आहे, संबळाच्या हातात आहे, रात्री दोन वाजता कंटाळलेल्या यजमानाला जागं ठेवणाऱ्या विनोदात आहे. फोटोत फक्त कवड्यांची माळ आणि दिवटी उरते.

हेमा राईरकर आणि गी प्वातवँ यांनी जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या, ते काम मला या बाबतीत आदर्श वाटतं. हजारावर गावं, लाखाच्या वर ओव्या, आणि प्रत्येक ओवीला गाणारीचं नाव आणि गाव. पुढे हा संग्रह ‘पारी’ या ग्रामीण भारताच्या डिजिटल संग्रहालयानं लोकांपुढे आणला. आमच्या परभणी जिल्ह्यातलं ताडकळस त्यात आहे, बीड जिल्ह्यातलं माजलगाव आहे. माजलगावच्या बायांनी जात्यावर बाबासाहेबांच्या ओव्या गायल्या. जातं जुनं, चाल जुनी, आणि ओवीत नवा माणूस. कोणी त्यांना “बाई, यात आंबेडकर नको, पारंपरिक म्हणा” असं सांगितलं असतं तर? फोटोग्राफर रोज नेमकं तेच सांगत असतात. जनाबाई गंगाखेडची. तिचा चेहरा कसा होता हे आज कोणी सांगू शकत नाही, पण तिच्या अभंगांतून तिचं दळणकांडण सातशे वर्षांनी आमच्या कानात आहे. चेहरा टिकणं आणि माणूस टिकणं या दोन निरनिराळ्या गोष्टी आहेत, असं मला तिच्या देवळात बसलो की वाटत राहतं.

फोटोतही ते साधता येतं, हे दाखवणारी माणसं आपल्याकडे आहेत. संदेश भंडारे यांनी तमाशाच्या फडांबरोबर हिंडून काम केलं. सुधारक ओलवे यांनी मुंबईच्या सफाई कामगारांमागे वर्षानुवर्षं घालवली. दोघांच्या कामात एक साधी गोष्ट सारखी आहे : ते परत परत गेले. यात्रेत एक दिवस जाऊन चारशे फोटो आणणाऱ्याला जे दिसत नाही, ते पाचव्या खेपेला आपोआप दिसतं, कारण तोवर समोरचा माणूस सोंग आणायचं सोडून देतो.

माळेगावच्या खंडोबाच्या यात्रेत गेल्या काही वर्षांपासून फोटोग्राफर मंडळींची एक तक्रार ऐकू येते : “आता हे लोक फोटोचे पैसे मागतात, पार धंदेवाईक झालेत.” मला हसू येतं. लाखभर रुपयांचा कॅमेरा गळ्यात घालून, गाडीत पेट्रोल टाकून, हॉटेलात उतरून आलेल्या माणसाला वाघ्यानं शंभर रुपये मागितले की लोकसंस्कृती भ्रष्ट होते! अरे, वाघ्या-मुरळी, वासुदेव, पोतराज यांची सगळी रीतच मागण्याची आहे. सोंग दाखवायचं आणि दान घ्यायचं, ही त्यांची परंपरा. तेव्हा शंभर रुपये मागणारा वाघ्या परंपरा पाळतोय. फुकट फोटो मागणारा तुम्ही मोडताय.

पैसे घेऊन केलेल्या सोंगातही मला फार वाईट वाटत नाही, जोवर ते सोंग आहे हे फोटो सांगतो. आता लमाणी पोरी साखरपुड्याला किंवा प्री-वेडिंगला आजीची फेटिया-कांचळी घालून, आरशांची चमक कॅमेऱ्यावर पाडत रील काढतात. जाणकार नाक मुरडतात. मला ते आवडतं. आजी ते कपडे घालायची कारण दुसरे नव्हते. नातीकडे जीन्स आहे, नर्सिंगची डिग्री आहे, आणि तिनं कपाटातून काढून ते निवडले आहेत. त्या एका रीलमध्ये जितका बदल आहे तितका ‘बंजारा स्त्री’च्या दहा फोटोंत नाही. तीच गोष्ट लातूर-धाराशिवकडच्या वेळा अमावस्येची, शेतात कोपी म्हणजे खोपटं उभारून जेवायच्या सणाची. कडब्याच्या कोपीवरून ड्रोन उडवतात म्हणून जुनी माणसं करवादतात. पण ड्रोनमधून जे दिसतं ते बघा : एका कोपीभोवती चार-चार गाड्या उभ्या, पुण्या-मुंबईच्या नंबरांच्या. भज्जी-आंबील खायला वर्षातून एकदा आलेली माणसं. गाव कुठं गेलंय ते वरून स्वच्छ दिसतं. कोपीच्या दारात बसलेल्या आजीच्या क्लोजअपमध्ये ते दिसत नाही.

दुष्काळाच्या फोटोंवर दोन शब्द बोलले पाहिजेत, कारण बाहेरच्या जगाला मराठवाडा म्हणजे भेगाळलेली जमीन हे कॅमेऱ्यानंच शिकवलं आहे. ही गोष्टही आजची नाही. लाला दीनदयाळ, सहाव्या निजामाचे दरबारी फोटोग्राफर, यांच्या स्टुडिओनं विसाव्या शतकाच्या उंबरठ्यावर औरंगाबाद भागातल्या दुष्काळी मदतकामांचे फोटो काढले. सरकार किती चांगलं काम करतंय हे दाखवणं हा त्यांचा हेतू. १९७२ च्या दुष्काळात खडी फोडणाऱ्या बायांचे फोटो आले. २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून लातूरला पाण्याची रेल्वे आली तेव्हा देशभरातले कॅमेरे उतरले. हंडा, भेग, आणि आभाळाकडे बघणारा म्हातारा.

हंडा खोटा नव्हता. माझी चुलती लातुरात होती, आठवड्यातून एकदा येणाऱ्या टँकरची वाट बघत. पण ज्या रस्त्यावर हंड्यांची रांग होती तिथून तासाभराच्या अंतरावर हिरवागार ऊस उभा होता. कॅमेरा तिथवर नेला असता तर तो दिसला असता. कोणी नेला नाही. ऊस आला की दुष्काळाचा फोटो ‘बिघडतो’. हंडा आणि ऊस एकाच चौकटीत आले की मात्र प्रश्न सुरू होतो : पाणी कोणाचं, बोअर कोणाचं, कारखाना कोणाचा? घड्याळ आणि ऊस, दोन्ही एकाच कारणानं चौकटीबाहेर राहतात. ते असले की बघणाऱ्याला हळहळून मोकळं होता येत नाही.

आणि हळहळीसाठी आपण माणसाला कुठवर नेतो, तेही बघा. २०१९ साली बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांची बातमी देशभर गाजली. बातमी खरी, गरजेची. पण त्या दिवसांत एका तांड्यावरची बाई मला म्हणाली होती, “दादा, येतो त्यो पोटावरला टाका दाखवा म्हन्तो. डाक्टरचं बिल दाखवा म्हनून कोनीच म्हनंना.” बिलाच्या फोटोवर पोट भरण्याचा आरोप कोणी केला नसता, आणि पुरावा म्हणून तोच जास्त उपयोगाचा होता.

आता माळ्यावरच्या खोक्यांकडे येतो.

अण्णांच्या स्टुडिओचं रजिस्टर होतं. क्रमांक, नाव, गाव, साईज, आगाऊ, बाकी, आणि शेवटच्या रकान्यात ‘कशासाठी’. हा रकाना अण्णांनी सोयीसाठी केला होता. स्थळासाठी फोटो असेल तर पावडर जास्त, नोकरीसाठी असेल तर कोट. आज तो रकाना वरपासून खालपर्यंत वाचत गेलं की मराठवाड्याचा चाळीस वर्षांचा इतिहास उलगडतो. सुरुवातीची पानं ‘स्थळ’, ‘तीर्थाला जाणे’, ‘वारले’ यांनी भरलेली. ‘वारले’ म्हणजे घरात म्हाताऱ्याचा एकही फोटो नाही, म्हणून अण्णांना सायकलवर खेड्यात बोलावणं. तिरडीआधी देह भिंतीला टेकवून बसवायचा, फोटो काढायचा आणि मग घरी बसून निगेटिव्हवर पेन्सिलीनं डोळे उघडायचे. लहानपणी मी ते डोळे उघडताना बघितले आहेत. मग १९८० नंतर ‘निराधार’ हा शब्द येतो, संजय गांधी निराधार योजनेच्या अर्जासाठी. आयुष्यात पहिल्यांदा फोटो काढणाऱ्या विधवा. पदर कपाळापर्यंत ओढलेल्या, अण्णांना सांगावं लागायचं, “मावशी, तोंड दिसू द्या, नाहीतर साहेब पैसे देणार नाही.” मग ‘डी.एड.’, ‘पोलीस भरती’, ‘मिलिटरी’. १९९३ पासून मतदार ओळखपत्रं आली आणि सरकारच स्वतः गावोगाव फोटो काढू लागलं, ते इतके वाईट यायचे की लोक आमच्याकडे येऊन म्हणायचे, “ह्यो मीच हाव का, सांगा बरं.” शेवटच्या पानांवर ‘पुणे, कंपनी’. त्यानंतर रजिस्टर संपतं, कारण पुण्याच्या कंपनीत गेलेल्यांनी पहिल्या पगारात मोबाइल घेतले.

एक नोंद १९७८ च्या ऑगस्टमधली आहे. विधिमंडळानं विद्यापीठ नामांतराचा ठराव २७ जुलैला केला आणि त्यानंतर मराठवाड्यात गावोगावच्या दलित वस्त्यांवर हल्ले झाले, घरं पेटली. नोंद साधी आहे : जुन्या फोटोची कॉपी, एक, पोस्टकार्ड साईज. ‘कशासाठी’च्या रकान्यात अण्णांनी लिहिलंय, ‘जळाला’. एका घरातला नवरा-बायकोचा फोटो फ्रेमसकट जळाला होता. निगेटिव्ह आमच्याकडे होती. अण्णांनी कॉपी काढून दिली आणि ‘बाकी’च्या रकान्यात शून्य लिहिलं. नामविस्तार व्हायला १४ जानेवारी १९९४ उजाडला. त्या सगळ्या सोळा वर्षांवर जे काही लिहिलं गेलं, त्यात ही ओळ कुठं नाही. असल्या ओळी मराठवाड्यातल्या प्रत्येक तालुक्यात, प्रत्येक जुन्या स्टुडिओच्या रजिस्टरात असणार.

असणार, की होत्या? डिजिटल आल्यावर बहुतेकांनी निगेटिव्ह भंगारात घातल्या. फिल्ममध्ये चांदी असते, ती काढून घेणारे हैदराबादेकडून यायचे आणि किलोवर न्यायचे. अण्णांच्या ओळखीच्या एका स्टुडिओवाल्यानं तीस वर्षांचा माल एका टेम्पोत भरून दिला आणि आलेल्या पैशात कलर प्रिंटर घेतला. त्याला दोष कसा देणार? जागा नव्हती, वाळवी होती, आणि कोणी मागायला आलं नव्हतं. किल्लारीच्या भूकंपानंतर, ३० सप्टेंबर १९९३ नंतर, औसा-उमरग्याकडचे फोटोग्राफर कित्येक दिवस एकच काम करत होते असं अण्णांचे स्नेही सांगायचे : लग्नातल्या ग्रुप फोटोतून एकेक चेहरा कापून मोठा करायचा. माळवदाची घरं पडली, माणसं गेली, आणि जे उरलं ते दुसऱ्याच्या लग्नाच्या फोटोत मागच्या रांगेत उभं होतं. त्या निगेटिव्ह तेव्हा कोणाच्या तरी कपाटात होत्या म्हणून तेवढं झालं.

म्हणून माझी मागणी साधी आणि कोरडी आहे. जिल्हा नियोजनातून, विद्यापीठांच्या इतिहास विभागांतून, सांस्कृतिक खात्यातून ‘लोकसंस्कृती’च्या फोटो स्पर्धांवर जो खर्च होतो, त्यातला निम्मा पाच वर्षं तालुक्याच्या स्टुडिओंतल्या निगेटिव्ह आणि रजिस्टरं जमवून स्कॅन करण्यावर घालवा. त्याला फार मोठी यंत्रणा लागत नाही. एक स्कॅनर, दोन शिकाऊ पोरं, कोरडी खोली. जुन्या कागदाची किंमत काय असते हे तर मराठवाड्याला २०२३ पासून कोणी शिकवायला नको. कुणबी नोंदींसाठी निजामकाळातली मोडी आणि उर्दू दप्तरं शोधत अख्खा प्रदेश तहसीलच्या पायऱ्यांवर बसला होता. त्या दप्तरांत जात सापडते. रजिस्टरात जात नाही, ‘कशासाठी’ आहे.

अडचणी आहेत, आणि त्या मी झाकत नाही. स्थळासाठी काढलेला पोरीचा फोटो हा तिचा आहे. तिचं लग्न दुसरीकडे झालं असेल, तिला तो चारचौघांत नको असेल. अण्णांनी स्थळांच्या निगेटिव्ह वेगळ्या ठेवल्या होत्या आणि लग्न जमलं की आई-बापाला परत द्यायचे. तो नियम संग्रहालयांनीही पाळावा : नावं बंद, घरच्यांच्या परवानगीशिवाय चेहरा बाहेर नाही, आणि ज्याचा फोटो आहे त्यानं मागितला तर एक प्रत फुकट. यानं काम हळू होईल. होऊ द्या.

नव्यानं फोटो काढणाऱ्यांना मी नियम सांगायला जाणार नाही, माझं कोणी ऐकणारही नाही. पण पुढच्या वेळी परीक्षक म्हणून बोलावलंच, तर दोन गोष्टी आधी छापून घेईन. फोटोखाली माणसाचं नाव हवं, त्याच्या मर्जीनं. आणि अंगावरचं काही काढायला लावलेलं असेल तर फोटो बाद. मग चष्मा असो, मोबाइल असो, गळ्यातलं आयकार्ड असो. मला भीती आहे की त्या वर्षी वीसच फोटो येतील.

आमच्या माळ्यावर सतरा खोकी होती. चार वाळवीनं खाल्ली, एक पावसात गेलं. उरलेली बारा मी या उन्हाळ्यात खाली उतरवली आहेत आणि १९६८ ते १९७४ पर्यंतचं रजिस्टर जुळवून झालं आहे. गंगाखेड, सोनपेठ, पालम भागात त्या काळी कोणी ताजमहालाच्या पडद्यासमोर बसलं असेल, तर सांगा. पावती हरवली असली तरी चालेल. साल, गाव आणि कशासाठी काढला होता एवढं आठवलं तरी पुरे.